सज्ञान व्यक्तीला घरच्यांनीच डांबून ठेवलं, तर हेबियस कॉर्पस याचिका कशी करावी?

मुलगी चोवीस वर्षांची, कमावती. लग्न कुणाशी करणार हे घरात कळलं, मोबाइल गेला आणि तिची रवानगी मामाच्या गावी झाली. कोंडलेली व्यक्ती स्वतः कोर्टात येऊ शकत नाही, म्हणून तिच्या वतीने जोडीदार, मित्र किंवा मैत्रीणही हेबियस कॉर्पस याचिका, म्हणजे डांबलेल्या व्यक्तीला कोर्टापुढे हजर करा अशी मागणी करणारी याचिका, करू शकते. त्यासाठी तुमचं लग्न झालेलं असायलाच हवं, असं नाही.

आधी कागद जमवा. वयासाठी जन्माचा दाखला किंवा शाळा सोडल्याचा दाखला. त्याहून महत्त्वाचं म्हणजे तिला तिच्या मर्जीविरुद्ध ठेवलंय हे दाखवणारं काहीतरी: तिचे मेसेज, कॉल रेकॉर्डिंग, मैत्रिणीचं प्रतिज्ञापत्र. नुसतं ‘फोन लागत नाही’ एवढ्यावर याचिका तग धरत नाही.

मग पोलिस ठाण्यात लेखी तक्रार द्या आणि पोच घ्याच. जिवाला धोका असेल तर थेट 112. ‘घरगुती मामला आहे’ असं ऐकवलं जाईल. पण बेकायदा कोंडून ठेवणं हा भारतीय न्याय संहितेच्या कलम 127 खाली गुन्हा आहे, मग कोंडणारा बाप का असेना. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 100 नुसार दंडाधिकारी शोध वॉरंटही काढू शकतात.

याचिका संविधानाच्या अनुच्छेद 226 खाली उच्च न्यायालयात होते. राज्य सरकार, पोलिस ठाणे आणि डांबून ठेवणारे नातेवाईक यांना प्रतिवादी करा. वकील परवडत नसेल तर विधी सेवा प्राधिकरणाच्या 15100 वर फोन करा. महिलांना मोफत वकिलासाठी उत्पन्नाची अट नाही.

मसुद्यात प्रेमकहाणी दोन ओळींत उरका. कोर्टापुढे प्रश्न एकच असतो: तिला कुठे राहायचंय? केरळच्या हादिया या सज्ञान तरुणीने वडिलांच्या मर्जीविरुद्ध लग्न केलं होतं; त्या प्रकरणात याचिका वडिलांची होती. केरळ उच्च न्यायालयाने 2017 मध्ये तिचं लग्नच रद्द ठरवलं. सर्वोच्च न्यायालयाने मार्च 2018 मध्ये तो निकाल फिरवला. समलिंगी जोडप्याच्या एका प्रकरणात 2024 मध्ये त्याच न्यायालयाने सगळ्या उच्च न्यायालयांसाठी मार्गदर्शक सूचना दिल्या: अशा याचिका प्राधान्याने ऐका, व्यक्तीशी घरच्यांच्या दबावाबाहेर, एकांतात बोला, समुपदेशनाच्या नावाखाली तिचं मन वळवू नका.

तरीही ‘मला आईवडिलांकडेच राहायचंय’ असं ती म्हणाली, तर याचिका तिथेच संपते. ते उत्तर दबावाखालचं वाटत असेल, तर तिला आधी काही दिवस तटस्थ ठिकाणी ठेवून मग जबाब घ्यावा, अशी विनंती वकिलामार्फत करा.

सुटका झालीच, तर त्या रात्रीची सोय आधी ठरवून ठेवा. पोलिस संरक्षण, आधार कार्ड, मार्कशीट, बँक पासबुक या मागण्या मूळ याचिकेतच घाला. एरवी ही कागदपत्रं घरच्यांच्या कपाटातच अडकून पडतात.