'पोरिफेरा' हा शब्द कसा वापरायचा, आणि हातातला स्पंज खरंच त्यातला आहे का हे कसं तपासायचं

नाशिककरांना हा शब्द द्राक्षाच्या वेलीवरून सगळ्यात लवकर समजतो. द्राक्षाचं शास्त्रीय नाव व्हायटिस व्हिनिफेरा. लॅटिनमध्ये 'व्हिनम' म्हणजे वाइन आणि 'फेरे' या क्रियापदाचा अर्थ वाहणं, धारण करणं. म्हणून व्हिनिफेरा म्हणजे वाइन देणारी. शेवगा मोरिंगा ओलिफेरा, म्हणजे तेल धारण करणारा. नारळ कोकोस न्युसिफेरा, आंबा मँगिफेरा इंडिका. हे 'फेरे' आणि संस्कृतातला 'भृ' धातू एकाच मुळाचे, त्यामुळे भार, भरण हे आपले शब्द या 'फेरा'चे लांबचे भाऊबंद लागतात.

'पोरस' म्हणजे छिद्र. पोरिफेरा म्हणजे छिद्रं धारण करणारे प्राणी, अर्थात स्पंज. लॅटिनमध्ये 'पोरस' आला ग्रीकमधल्या 'पोरोस'वरून, आणि त्याचा मूळ अर्थ वाट, जाण्याचा मार्ग. हा बारकावा लक्षात ठेवण्यासारखा आहे. ढोकळ्यालाही छिद्रं असतात, पण त्यातली बरीचशी तिथल्या तिथेच संपतात. स्पंजाचं छिद्र कुठेतरी घेऊन जातं: पाणी एका बाजूने आत येतं, पोकळ्यांतून फिरतं आणि दुसऱ्या तोंडाने बाहेर पडतं. एडिनबरोत काम करणाऱ्या रॉबर्ट ग्रँट यांनी 1820 च्या दशकात जिवंत स्पंजातून बाहेर पडणारा हा प्रवाह बारकाईने पाहिला. स्पंज वनस्पती की प्राणी हा वाद तेव्हा मिटलेला नव्हता. 'पोरिफेरा' हे नाव त्यांच्याच नावावर नोंदलेलं आहे, वर्ष 1836.

वाक्यात वापरताना

पोरिफेरा हे एका संघाचं नाव आहे. प्राणिसृष्टीच्या खालोखाल येणारा मोठा गट म्हणजे संघ, त्याच्या आत वर्ग, गण, कुल, प्रजाती आणि जाती. (मराठी पुस्तकांत 'जीनस'ला कुठे प्रजाती तर कुठे वंश म्हटलेलं सापडेल. एक शब्द धरा आणि शेवटपर्यंत तोच ठेवा.) म्हणून 'मला एक पोरिफेरा सापडला' हे वाक्य 'मला एक संधिपाद संघ सापडला' म्हणण्यासारखं आहे. सापडतो तो स्पंज. तो पोरिफेरा संघातला असतो.

शालेय पुस्तकात याला 'रंध्रीय प्राणी संघ' म्हणतात. मराठी माध्यमाच्या उत्तरपत्रिकेत तो शब्द लिहून शेजारी 'पोरिफेरा' लिहावं. महाविद्यालयात नुसतं 'पोरिफेरा संघ' पुरतं. विभक्ती लावताना शब्दाला हात लावायचा नाही: पोरिफेरात, पोरिफेराचा, पोरिफेरातले. 'फेरा'चं 'फेऱ्यात' होतं म्हणून 'पोरिफेऱ्यात' असं लिहिलेलं अधूनमधून दिसतं. ते सप्तपदीसाठी ठेवावं. अनेकवचनही करायचं नाही, कारण लॅटिनमध्ये हे रूप मुळातच अनेकवचनी आहे. 'पॉरिफेरा' की 'पोरिफेरा' यावर वाद घालण्यात अर्थ नाही, मात्र एकाच लेखात दोन्ही नकोत.

रोमन लिपीत लिहिताना पहिलं अक्षर मोठं, पण शब्द तिरपा नाही आणि खाली रेघही नाही. तिरपी अक्षरं फक्त प्रजाती आणि जातीच्या नावाला. हाताने लिहिताना त्या दोन शब्दांखाली दोन वेगळ्या रेघा माराव्यात, एक सलग रेघ नको. जर्नल तपासताना इथेच गुण जातात.

अर्थाच्या बाबतीत सर्वांत पसरलेली चूक म्हणजे 'पोरिफेरा म्हणजे समुद्री स्पंज' हे समीकरण. या संघातल्या 9,000 हून अधिक जातींचं वर्णन झालेलं आहे आणि त्यातल्या बहुतेक समुद्रातल्या आहेत, हे खरं. पण 200 हून अधिक जाती तलाव, नद्या आणि धरणांच्या गोड्या पाण्यात राहतात. त्यामुळे 'समुद्री' हे विशेषण व्याख्येत घालू नका, उदाहरणात घाला. दुसरी चूक उच्चारसाम्याची. 'फोरॅमिनिफेरा' हा वेगळाच गट आहे: ते एकपेशीय जीव, त्यांच्या कवचाला छिद्रं असतात. 'रोटिफेरा'ही वेगळा संघ, चाक धारण करणारे.

दोन शब्द हमखास उलटे होतात. ऑस्टिया ही पाणी आत येण्याची बारीक छिद्रं, संख्येने खूप. ऑस्क्युलम हे पाणी बाहेर पडण्याचं मोठं तोंड, एक किंवा मोजकी. घरातली मोरी आठवावी: जाळीला भोकं अनेक, बाहेर जाणारा पाइप एक. एकवचन-अनेकवचनाच्या जोड्या अशा: ऑस्टियम-ऑस्टिया, ऑस्क्युलम-ऑस्क्युला. पाणी ढकलतात कॉलर पेशी, म्हणजे कोअॅनोसाइट. त्यांच्या चाबकासारख्या कशाभिका हलतात आणि प्रवाह सुरू राहतो. चेतासंस्था नाही, स्नायू नाहीत, पचननलिका नाही. व्याख्येत 'छिद्रयुक्त शरीर' इतकंच लिहून थांबलात तर अर्धी व्याख्या झाली. कॉलर पेशी आणि जलनलिका संस्था आल्याशिवाय ती पुरी होत नाही.

जुन्या नोट्समध्ये तीन वर्ग असतात. आता चार मानतात: कॅल्केरिया, हेक्झॅक्टिनेलिडा, डेमोस्पाँजिए आणि होमोस्क्लेरोमॉर्फा. शेवटचा गट आधी डेमोस्पाँजिएतच धरला जायचा. एकूण जातींपैकी 80 टक्क्यांहून जास्त डेमोस्पाँजिएतल्या आहेत.

हातातली वस्तू स्पंज आहे का?

भांडी घासायचा पिवळा-हिरवा स्पंज प्लास्टिकचा, बहुधा पॉलियुरेथेनचा. बाजारात 'नैसर्गिक स्पंज' म्हणून मिळणारी लांबट जाळी बहुतेक वेळा वाळलेलं गिलकं असतं, म्हणजे वनस्पती. बाहेर घोसाळं म्हणतात ते हेच. मधोमध लांब पोकळ्या, त्यात एखादं चुकार काळं बी आणि उभे चिवट धागे दिसले की गिलकं ओळखावं. खरा आंघोळीचा स्पंज, स्पाँजिया ऑफिसिनॅलिस, मऊ, तपकिरी-पिवळा आणि वेड्यावाकड्या भोकांचा असतो. त्याच्या सांगाड्यात शूकिका, म्हणजे सूक्ष्म सुया, नसतात, फक्त स्पाँजिन या प्रथिनाचे तंतू असतात. म्हणून तर तो अंगाला टोचत नाही.

शंका राहिली तर एक तंतू चिमट्यात धरून जाळावा. स्पाँजिनला केस जळाल्यासारखा वास येतो, गिलक्याला कागद जळाल्यासारखा. भांड्यांचा प्लास्टिक स्पंज मात्र जाळायचा नाही, त्याचा धूर विषारी असतो.

शूकिका वेगळ्या करणं

शूकिका (काही पुस्तकांत कंटिका) म्हणजे स्पंजाच्या अंगातल्या सूक्ष्म सुया. वर्ग ठरवायचा तो मुख्यतः त्यांच्यावरून, रंगावरून किंवा आकारावरून नाही. एकच जात सावलीत पांढरट आणि उन्हात हिरवी असू शकते, कारण गोड्या पाण्यातल्या स्पंजाच्या अंगात शेवाळं राहतं.

साहित्य फार लागत नाही: दोन-तीन परीक्षानळ्या, ड्रॉपर, स्लाइड, कव्हरस्लिप, 4 ते 5 टक्के सोडियम हायपोक्लोराइट असलेलं कपड्यांचं ब्लीच, अल्कोहोल आणि 100 व 400 पट दाखवणारा सूक्ष्मदर्शक. ब्लीच ताजं हवं. वर्षभर उघडी पडलेली बाटली निकामी झालेली असते, आणि मग तुकडा विरघळत नाही म्हणून माणूस स्पंजावर शंका घेतो.

मसुराच्या डाळीएवढा तुकडा नळीत टाका आणि 1 ते 2 मिलिलिटर ब्लीच घाला. तो मृत, कोरडा किंवा अल्कोहोलमध्ये ठेवलेला असावा. तुकडा मोठा घेतला तर फेस वर येऊन नळीबाहेर जातो आणि शूकिकाही त्याच्यासोबत जातात. मऊ ऊती अर्ध्या तासात विरघळतात; तंतू जाड असतील तर रात्रभर ठेवावं. नळी जोरात हलवू नका, लांब सुया तुटतात.

तळाशी पांढुरका गाळ दिसला की 20 मिनिटं निवळू द्या. वरचं ब्लीच ड्रॉपरने काढा, पाणी घाला, पुन्हा निवळू द्या. असं चार-पाच वेळा. घाई होते ती नेमकी इथे. मोठ्या शूकिका पटकन बसतात, पण 10 ते 60 मायक्रोमीटरच्या सूक्ष्म शूकिका बराच वेळ तरंगतात. पाचव्या मिनिटाला पाणी ओतून दिलं तर त्या मोरीत जातात आणि 'या स्पंजात सूक्ष्म शूकिका नाहीत' अशी चुकीची नोंद होते. शेवटचं धुणं अल्कोहोलने करावं, थेंब लवकर वाळतो.

गाळाचा एक थेंब स्लाइडवर वाळवा, कव्हरस्लिप ठेवा, आधी 100 पटीवर बघा. चौकोनी चकचकीत स्फटिक दिसले तर ते मिठाचे, म्हणजे धुणं कमी पडलं. पाण्याच्या थेंबात ते विरघळतील. नक्षीदार, होडीसारखी कवचं म्हणजे डायटम, एकपेशीय शेवाळं. त्यांचं कवचही सिलिकाचं, त्यामुळे ते ब्लीचला दाद देत नाहीत. गोड्या पाण्याच्या नमुन्यात ते हमखास असतात. सिलिकाच्या शूकिकेत 400 पटीवर मधोमध एक बारीक रेघ दिसते. ती तिची आतली पोकळ नळी. ही रेघ दिसली की ओळख जवळजवळ पक्की.

आता रसायन. धुतलेल्या गाळावर खाण्याच्या व्हिनेगरचा थेंब टाका. बुडबुडे येऊन सुया विरघळल्या तर त्या कॅल्शियम कार्बोनेटच्या, वर्ग कॅल्केरिया. त्यात तीन फाट्यांच्या सुया भरपूर असतात. काहीच झालं नाही तर सिलिका. सहा फाटे असतील तर हेक्झॅक्टिनेलिडा, साध्या एकेरी सुया असतील तर डेमोस्पाँजिए. चार फाट्यांवर थांबून विचार करावा लागतो, कारण त्या डेमोस्पाँजिएत असतात आणि होमोस्क्लेरोमॉर्फातही.

एक गोष्ट कडकपणे पाळा: ब्लीच पूर्ण धुतल्याशिवाय व्हिनेगर घालायचं नाही. ब्लीच आणि आम्ल एकत्र आलं की क्लोरीन वायू सुटतो. स्वच्छतागृहाच्या आम्लाने 'लवकर होतं' म्हणून कुणी सुचवलं तरी ऐकू नका. त्याने कॅल्शियमी शूकिका पहिल्या झटक्यात जातात आणि वर हा धोकाही आहेच. फॉर्मलिनही टाळावं. ते हळूहळू आम्लधर्मी होतं आणि बरणीतल्या सायकॉन या कॅल्केरिया वर्गातल्या स्पंजाच्या शूकिका महिन्यांमध्ये नाहीशा करतं. महाविद्यालयातल्या जुन्या बरणीतून घेतलेल्या तुकड्यात काहीच सापडलं नाही तर दोष बहुधा फॉर्मलिनचा असतो, तुमचा नाही. नमुना 70 ते 90 टक्के अल्कोहोलमध्ये ठेवावा.

नाशिकमध्ये नमुना कुठून आणायचा

समुद्र कसारा घाटाच्या पलीकडे, म्हणून आधी गोड्या पाण्याकडे वळावं. गोड्या पाण्यातला स्पंज संथ पाण्यात, दगडांच्या खालच्या बाजूला, बुडालेल्या लाकडावर किंवा पाइपवर थरासारखा वाढतो. हाताला खरखरीत लागतो, चिरडला तर उग्र वास येतो. शेवाळ निसरडं आणि धाग्यांचं असतं, हा फरक बोटांनाच कळतो. तरी हातमोजे घालावेत; शूकिका कातडीत रुतून खाज सुटते.

शोधण्याचा सोयीचा काळ मार्च ते मे. तेव्हा धरणांचं पाणी उतरतं, काठचे दगड उघडे पडतात आणि मेलेल्या स्पंजाचा करडा, ठिसूळ थर त्यांना चिकटलेला राहतो. त्यात खसखशीएवढे पिवळसर-तपकिरी गोळे दिसले तर ते जेम्यूल, कोरड्या काळात तग धरणारे पेशींचे गोळे. पावसाळ्यात पाणी आलं की त्यातून नवा स्पंज वाढतो. गोड्या पाण्यातल्या जाती ओळखायला जेम्यूलच्या आवरणातल्या शूकिका सगळ्यात उपयोगी. त्यांनाही तीच ब्लीचची कृती, पण आवरण चिवट असल्याने काही तास द्यावे लागतात. मुंबई बेटावरच्या अशाच स्पंजांचं वर्णन हेन्री कार्टर यांनी 1849 मध्ये छापलं होतं. युनेपियस कार्टेराय या जातीत त्यांचं नाव आहे.

गंगापूर किंवा दारणा धरणाच्या भिंतीजवळ, दरवाज्यांजवळ जाऊ नका, आणि काठावर उतरायच्या आधी परवानगीची चौकशी करा. नांदूर मध्यमेश्वर अभयारण्य आहे, 2019 पासून रामसर पाणथळही, म्हणजे आंतरराष्ट्रीय महत्त्वाची पाणथळ जागा. तिथे वनविभागाच्या परवानगीशिवाय दगडसुद्धा उचलायचा नाही. इतर ठिकाणीही नखाएवढा तुकडा पुरतो, आणि उलटा केलेला दगड पुन्हा होता तसा ठेवावा.

बाटलीत अल्कोहोलसोबत पेन्सिलने लिहिलेली जाड कागदाची चिठ्ठी टाका. शाई अल्कोहोलमध्ये उतरते. चिठ्ठीवर ठिकाण, तारीख, पाण्याची खोली, कशावर वाढला होता, ताजा असतानाचा रंग. नावाच्या ओळीत जितकं स्लाइडवर दिसलं तितकंच. फक्त सिलिकाच्या एकेरी सुया दिसल्या असतील तर 'संघ पोरिफेरा, वर्ग डेमोस्पाँजिए'. जेम्यूलही सापडले असतील तर पुढे 'गण स्पाँजिलिडा' (जुन्या पुस्तकांत हे स्पंज हॅप्लोस्क्लेरिडा गणात सापडतील). प्रजातीची जागा जेम्यूलच्या शूकिकांचं चित्र काढून आणि मापं घेऊन होईपर्यंत कोरी.