पेटी, ढोलकी आणि परका सूर: परदेशी मैफलीचा माहितीपट कसा टिपावा

खडी गंमत या विदर्भातल्या लोकनाट्याची किंवा खंजिरी भजनाची मंडळी नागपूरहून परदेशी नेऊन तिथल्या वादकांसोबत बसवायची असतील, तर चित्रीकरण विमानतळावरून सुरू करू नका. दिवाळीनंतर झाडीपट्टीत, म्हणजे पूर्व विदर्भात, मंडई (गावजत्रा) भरते, रात्री दंडार हा नाच-नाट्याचा खेळ रंगतो. आपली मंडळी अशा एखाद्या रात्री गात असतील तर तो कार्यक्रम सलग टिपा. हीच माणसं परक्या खोलीत गप्प का बसतात, ते या रात्रीमुळे कळतं.

आधी वाद्यांची तपासणी. तुकडोजी महाराज १९५५ साली जपानला गेले तेव्हा आजचा वन्यजीव संरक्षण कायदा नव्हता. तो १९७२ चा. आज खंजिरीवर घोरपडीचं कातडं असेल तर ती घरीच ठेवा आणि बकरीच्या कातड्याची किंवा फायबरची न्या. मोरपिसं लावलेला साजही नको, निर्यातीला बंदी आहे. ऑस्ट्रेलियासारख्या देशात कातड्याची वाद्यं उतरल्यावर जाहीर करावी लागतात. महाग कॅमेरे आणि वाद्यांसाठी फिक्की या उद्योग संघटनेकडून एटीए कार्नेट, म्हणजे सामान शुल्काशिवाय तात्पुरतं परदेशी नेण्याचा कागद, काढता येतं, वर्षभर चालतं. नाहीतर निघताना कस्टमकडून निर्यात दाखला घ्या, म्हणजे परतताना शुल्काचा वाद होत नाही. सुट्या बॅटऱ्या हातातल्या सामानातच. १०० वॅट-तासांवरच्या बॅटरीला विमान कंपनीची परवानगी लागते. ढोलकीच्या दोऱ्या थोड्या सैल करूनच डबा बंद करा.

आता खरी अडचण, सुराची. पेटीचे सूर ठरलेले, अकॉर्डियनचेही. पेटीचा पांढरी सहा (पाश्चात्त्यांचा A) ४४६ हर्ट्झवर असेल आणि समोरचा अकॉर्डियन ४४२ वर, तर एकत्र वाजताना सेकंदाला चार वेळा सूर थरथरतो. ध्वनिमुद्रणानंतर हे दुरुस्त होत नाही. निघण्याआधी मोबाईलवरच्या ट्यूनरने पेटीचा एकेक सूर तपासून लिहून ठेवा आणि यजमानांना कळवा. जुळत नसेल तर पेटी बाजूला ठेवून तुणतुण्यावर गा. तार हवी तिथे लावता येते, आणि खरं सांगायचं तर पडद्यावर तेच जास्त शोभतं. दमट हवेत ढोलकीचं कातडं सैल पडून सूर उतरतो. नागपूरच्या कोरड्या उन्हात कसलेल्या हाताला ते लवकर उमगत नाही. वाजवण्याआधी तासभर वाद्यं त्याच खोलीत राहू द्या.

लयीचं वेगळंच. आयरिश जिग या नाचाच्या सहा मात्रा दादऱ्याशी सहज जुळतात, केरवाही कुठेही बसतो. पण बल्गेरियाच्या रचेनित्सा या नाचाच्या सात मात्रा दोन-दोन-तीन अशा पडतात, आपल्या रूपकाच्या तीन-दोन-दोन. मात्रा सारख्याच, पण वजन वेगळ्या जागी, त्यातून रूपकाची सम, म्हणजे पहिली मात्रा, ही टाळीची नसून खाली, म्हणजे रिकामी. दोघंही आपलंच बरोबर म्हणून अडतात. इथे कॅमेरा बंद करू नका, मध्ये पडून समजावूनही सांगू नका. माहितीपटाचा जीव याच दहा मिनिटांत असतो. पहिल्या भेटीची तालीम आधी उरकून घेतली, की तो हातून गेलाच.

आवाज ४८ किलोहर्ट्झ, २४ बिटवर. ढोलकीच्या थापेला पातळी उणे १२ डेसिबलच्या वर जाऊ देऊ नका. खंजिरीच्या चकत्यांपासून माइक हात-दीड हात दूर आणि जरा तिरका ठेवा, नाहीतर किणकिण सगळ्यांवर चढते. रेकॉर्डर वेगळा असेल तर प्रत्येक टेकला टाळी वाजवा, म्हणजे चित्र आणि आवाज नंतर जुळवता येतात. आपल्याकडे आणि युरोपात वीज ५० हर्ट्झची, अमेरिकेत ६० ची, जपानच्या पूर्व भागात ५० आणि पश्चिमेत ६०. शटर त्याप्रमाणे १/५० किंवा १/६० ठेवलं नाही, तर दिवे पडद्यावर लपलपतात.

संमतिपत्र मराठीत करून, वाचून दाखवून, मगच सही घ्या. गाणं परंपरेचं असलं तरी ते गाणाऱ्याला कॉपीराइट कायद्याने ५० वर्षांचा सादरकर्त्याचा हक्क मिळतो, आणि चित्रीकरणाला संमती दिल्यावरही व्यावसायिक वापराच्या मानधनावरचा त्याचा हक्क जात नाही. तो आकडा कागदावर आधीच लिहा. विमानातून उतरल्यावर सही मागितलीत, तर म्हातारा शाहीर ती मुकाट्याने करेल, आणि गावी परतल्यावर वाद उभा राहील.