भुईकोटाचा दगड आणि पर्लिन यांचा नॉइज : हाताने शिकण्याची रीत

व्हीएफएक्स (चित्रपटातील संगणकीय दृश्यपरिणाम) शिकू पाहणारे सोलापुरातील विद्यार्थी बहुधा थेट सॉफ्टवेअर उघडून बसतात. संगणकशास्त्रज्ञ केन पर्लिन यांच्या कारकिर्दीतून काही घ्यायचे असेल, तर सुरुवात डोळ्यांनी पाहण्यापासून करावी, असे माझे ठाम मत आहे. ‘ट्रॉन’ (१९८२) या चित्रपटाच्या संगणकीय दृश्यांसाठी मॅगी या कंपनीत काम करताना त्या प्रतिमांचा यांत्रिक गुळगुळीतपणा त्यांना खटकला आणि १९८३ मध्ये त्या असमाधानातूनच ‘नॉइज’ हे पृष्ठभागांना नैसर्गिक अनियमितता देणारे छोटेसे फलन (गणिती सूत्र) जन्माला आले.

सकाळच्या तिरप्या उन्हात भुईकोट किल्ल्याच्या भिंतीपाशी उभे राहून एकच काळा दगड निरखावा. त्यावरील शेजारच्या दोन बिंदूंची छटा जवळजवळ सारखी असते, पण वीतभर सरकले की ती बदललेली आढळते. जकार्ड मागावर विणलेल्या चादरीची नक्षी ठरावीक अंतराने पुन्हा येते, तसे इथे होत नाही. उलट नुसते यादृच्छिक आकडे भरले, तर अँटेना हलल्यावर टीव्हीवर दिसणाऱ्या मुंग्या तेवढ्या उरतात. पर्लिन यांनी या दोन टोकांच्या मधली वाट काढली.

ती वाट आधी आलेख-कागदावर चालून पाहावी. आडव्या रेषेवर ०, १, २ असे बिंदू घेऊन प्रत्येकाला मनाने एक उतार द्यावा. समजा, ० ला ०.८ आणि १ ला उणे ०.४. आता ०.२५ या ठिकाणची किंमत हवी आहे. डावा उतार तिथे ०.८ × ०.२५ म्हणजे ०.२ देतो, तर उजवा उतार उणे ०.४ × उणे ०.७५ म्हणजे ०.३ देतो (कारण ०.२५ हे १ च्या ०.७५ मागे आहे). या दोहोंची सांगड ३t² − २t³ या वक्राने घालायची (t म्हणजे डाव्या बिंदूपासूनचे अंतर); t = ०.२५ असताना त्याची किंमत ०.१५६२५ येते, आणि ०.३ व ०.२ यांतील फरक ०.१ आहे, म्हणून उत्तर ०.२ + ०.१५६२५ × ०.१, म्हणजे सुमारे ०.२१६. असे दहा-बारा बिंदू हाताने काढून जोडले की लाट दिसू लागते. हा टप्पा कृपया गाळू नये, कारण पुढचे सारे यावरच उभे आहे.

त्यानंतर हेच द्विमितीत प्रोग्रामने करावे. उतार निवडण्यासाठी ० ते २५५ या आकड्यांची एकदाच पिसलेली यादी वापरतात, त्यामुळे तोच बिंदू दर वेळी तीच किंमत देतो आणि पुढच्या फ्रेममध्ये दगडाचा पोत थरथरत नाही. मग वारंवारता दुप्पट आणि उंची निम्मी करत चार-पाच थर एकमेकांत मिळवावेत. मोठे उंचवटे आणि बारीक खरबरीतपणा एकत्र उमटतात. त्या थरांची केवल मूल्ये (उणे चिन्ह काढलेल्या किमती) मिळवून ती बेरीज साइन फलनाच्या आत टाकली, तर संगमरवराच्या शिरा मिळतात.

पर्लिन यांनी हे काम १९८५ मध्ये संगणकीय चित्रणाच्या सिग्राफ परिषदेत मांडले आणि १९९७ मध्ये त्यासाठी त्यांना ऑस्करचा तांत्रिक पुरस्कार मिळाला. मला मात्र २००२ सालची घटना अधिक मोलाची वाटते. जुन्या वक्रामुळे उठावाच्या पृष्ठभागावर चौकटींच्या कडा जाणवत, म्हणून त्यांनी स्वतःच तो बदलून ६t⁵ − १५t⁴ + १०t³ घेतला. दोन्ही वक्रांनी तोच दगड तयार करावा, संगणकातील दिवा तिरपा ठेवावा आणि भुईकोटाच्या छायाचित्राशेजारी दोन्ही चित्रे लावून त्या कडा स्वतः शोधाव्यात.