रंग बदलणारा धागा लिहायचा असेल, तर आधी हळद उकळा

काल्पनिक दुनियेची कथा लिहायला घेणाऱ्या नव्या मंडळींच्या वहीत एखादी जादूची वस्तू बहुधा आधीच तयार असते. तलवार, आरसा, अंगठी. माझ्या कथेत धागा आहे. नदीकाठच्या एका देशात प्रत्येकाच्या मनगटावर पाणसूत बांधलेलं असतं. एरवी ते पिवळं. वर डोंगरातल्या तलावाचे दरवाजे उघडले की लाल होतं. सांगलीत राहणारीला हे कुठून सुचलं असेल, ते विचारायला नको. पावसाळ्यात आमच्याकडे सकाळी उठल्यावर दोनच चौकश्या होतात: कोयनेतून विसर्ग किती, आणि कृष्णेवरच्या आयर्विन पुलापाशी पाणी किती फुटांवर. ४० ला इशारा, ४५ ला धोका.

कल्पना सुचते, पण तो धागा वाचकाला खरा वाटायला हवा. त्यासाठी मी एकच रस्ता सांगते. जादू लिहिण्याआधी तिच्या जवळचं, हाताने करता येईल असं काहीतरी करून बघा.

आपल्याला त्यासाठी लांब जावं लागत नाही. सांगलीच्या हळदीला २०१८ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं. तिचीच चिमूटभर पूड पुरे. पांढरा सुती दोरा हळदीच्या पाण्यात उकळा आणि सावलीत वाळवा. रंग धरून ठेवायला तुरटी घालतात, पण हळद सुतावर तुरटीशिवायही चढते. मग वाटीभर पाण्यात धुण्याचा सोडा विरघळवून त्यात दोरा सोडा. बघता बघता तो तांबडा होतो. खायचा सोडा घेतलात तर रंग इतका तांबडा होत नाही, कारण तो सोडा तेवढा तीव्र नसतो. आता त्याच दोऱ्यावर लिंबू पिळा, पुन्हा पिवळा. हळदीतलं कर्क्युमिन अल्कलीत लाल आणि आम्लात पिवळं दिसतं. हळद आणि चुन्यापासून कुंकू होतं तेही याच गुणामुळे. हा दोरा उन्हात टांगून ठेवा, विटत जाईल. रात्री पिवळ्या दिव्याखाली धरा, पिवळा की पांढरा ते ओळखू येणार नाही.

माझं कथानक मला इथेच सापडलं. पाणसुताचा नियम मी एका ओळीत लिहिला होता, त्याचे पोटनियम हळदीने दिले. लाल झालेलं सूत आंबट लागलं की पिवळं होतं, म्हणजे कोणीतरी मुद्दाम अख्खं गाव गाफील ठेवू शकतो. उन्हात विटतं, म्हणजे रानात राबणाऱ्या बाईचं सूत पेढीवर बसणाऱ्या सावकाराच्या आधी निकामी होतं, आणि ते पुन्हा रंगवून घ्यायला तिच्याकडेच पैसे नसतात. दिव्याखाली विटलेलं आणि ताजं सूत सारखंच दिसतं, म्हणून खोटा माल विकणारे संध्याकाळनंतर दुकान मांडतात. खलनायक वेगळा शोधावा लागला नाही.

नव्याने लिहिणारे धाग्याला फार कामं लावतात. राग आला की लाल, प्रेमात गुलाबी, खोटं बोललं की काळा. असा धागा कधीही काहीही करू शकतो, म्हणून वाचकाला त्याची काळजी वाटत नाही. कारण एकच ठेवा, आणि ते पानोपानी पाळा.

हळद हा एकच मार्ग आहे असं नाही. नीळ बघा. निळीच्या हौदातून बाहेर काढलेलं कापड आधी हिरवट असतं आणि हवा लागली की निळं होत जातं. धूपछाँव रेशीम आणखी निराळं: ताणा म्हणजे उभे धागे एका रंगाचे, बाणा म्हणजे आडवे धागे दुसऱ्या रंगाचे, आणि पदर हलला की रंग हलतो. तिथे धागा बदलतच नाही, बघणाऱ्याची जागा बदलते. स्पर्शाने, हवेने की नजरेच्या कोनाने, तुमचा धागा कशाने बदलतो ते आधी ठरवा. तिन्हींतून तीन वेगळ्या कथा निघतात. ताणा-बाणा डोळ्यांनी बघायचा असेल तर विट्याला एखाद्या यंत्रमागाच्या कारखान्यात विचारून जा. कांडी, लडी, पीळ हे शब्द तिथून उचला. 'दिव्य तंतू' असले शब्द घातले की कारागीर पात्रं पुतळ्यासारखी बोलायला लागतात.

जागेचंही तसंच. कृष्णा-वारणेच्या संगमावर हरिपुरात हळद जमिनीखालच्या पेवांत साठवायचे. २००५ च्या पुराने त्या पेवांचं मोठं नुकसान केलं. माझ्या देशातला राजा पाणसुताचा साठा असाच जमिनीखाली ठेवतो, म्हणजे पुराची वर्दी देणारा धागा पुरात सगळ्यांत आधी बुडतो. हे नुसत्या डोक्यातून मला सुचलं नसतं.

पहिल्या पानावर नियम समजावत बसू नका. कोणीतरी सूत विकत घेताना दाखवा: भाव करताना, ते दुकानाबाहेर उजेडात नेऊन बघताना. कच्चा मसुदा रंगकाम किंवा विणकाम केलेल्या माणसाला वाचून दाखवा. असा माणूस हमखास विचारतो की हे सूत धुवायचं कशात. साबणाच्या पाण्यात हळदीचा दोरा लाल होतो, तेव्हा तुमच्या देशात अंघोळीची काय सोय आहे, तेही लिहून ठेवा.