उजळमाळावरील चंद्रगवत: धाकट्या चंद्राच्या उतरतीतील कापणी व चराई

धाकटा चंद्र आता दररोज उशिरा उगवू लागला असून उजळमाळाच्या उत्तर उतारांवर चंद्रगवताने तुरे टाकले आहेत. रात्री सारा माळ निळसर उजेडाने भरून जातो तो हाच काळ, आणि कापणीची सर्वाधिक घाईही याच दिवसांत होते, कारण गवत जितके उजळ तितके ते कसदार, असा समज पशुपालकांमध्ये पक्का रुजलेला आहे. हा समज माळाला महागात पडतो. तुऱ्यापाशी दिसणारा उजेड गवताने थोरल्या चंद्राच्या पंधरवड्यात साठवलेला असतो. बी भरल्यानंतर तो कांड्यातून खाली उतरून मुळांत मुरतो आणि पुढील हंगामातील पहिला फुटवा त्याच्याच बळावर निघतो. तुरे उजळ असताना विळा लावला, तर चाऱ्याबरोबर पुढील वर्षीचा फुटवाही कापला जातो.

म्हणून कापणीची वेळ तिथीवरून न ठरवता ठोंबावरून ठरवावी. पहाटे दव असतानाच पट्ट्याच्या मध्यभागातील व कडेचे असे चार-पाच ठोंब निवडावेत, प्रत्येकातील एक जाड कांडे बुडापासून मोडून घ्यावे व नखाने उभे चिरावे. आतील भेंड वरच्या पेरापर्यंत निळे चमकत असेल, तर पट्टा तसाच राखावा. उजेड सर्वांत खालच्या पेराखाली उतरला, वरचे भेंड पांढुरके व कोरडे पडले आणि चिरताना बोटांना लागणारा चिकट निळा रस येईनासा झाला, की पट्टा कापणीस तयार झाला असे समजावे. कडेच्या ठोंबांना वारा अधिक व ओल कमी मिळत असल्याने ते बहुधा आधी पिकतात. केवळ तेवढे पाहून आतला भाग कापू नये.

उशिरा कापलेले गवत काहीसे राठ होते व त्यातील प्रथिने घटतात, हे खरे आहे. दुभत्या जनावरांसाठी मऊ वैरण हवी असल्यास कुरणाचे चार भाग करून त्यांपैकी एकच भाग तुरे पडण्याच्या सुमारास कापावा आणि दरवर्षी तो भाग बदलावा. सगळे कुरण एकदम लवकर कापण्यापेक्षा हा मार्ग आम्हाला कितीतरी श्रेयस्कर वाटतो, कारण लवकर कापलेल्या भागाला सावरण्यासाठी पुढे तीन वर्षे मिळतात.

कापणी कोणत्याही भागाची असो, जमिनीपासून किमान चार बोटे बुडखा राखावा. नव्या फुटव्याचे डोळे बुडाशी असतात आणि विळा जमिनीला घासून चालवल्यास तेच छाटले जातात. चराईलाही हाच हिशेब लावावा. निम्म्याहून अधिक पाला एकाच वेळी खाल्ला गेला की मुळांची वाढ खुंटते, म्हणून धुकेमेंढ्यांचा कळप एका पट्ट्यावर रेंगाळू न देता पुढे हलवावा. धुकेमेंढ्या ओठांनी अगदी बुडापर्यंत गवत खुडतात, त्यामुळे त्यांच्या बाबतीत एका दिवसाची दिरंगाईही नडते.

ओलसर चंद्रगवताची गंजी कधीही रचू नये. ओल राहिलेल्या गवतात सूक्ष्मजीव वाढून उष्णता निर्माण होते, हे कोणत्याही वैरणीच्या बाबतीत घडते. चंद्रगवतात उरलेला उजेडही त्या उबेत भर घालतो व गंजी आतून पेटू शकते. शंभर भागांत १५ ते १८ भागांपर्यंत ओलावा उतरला की गवत रचण्याजोगे होते. तो ताडण्यासाठी गवताचे बारीक तुकडे कोरड्या बरणीत मूठभर कोरड्या मिठासह घालून थोडा वेळ हलवावेत. मिठाचे खडे होऊ लागले तर गवत पुन्हा उन्हात पसरावे. रचलेल्या गंजीत पहिले काही आठवडे रोज लोखंडी सळई खोलवर खुपसून ठेवावी व थोड्या वेळाने काढून हाताने चाचपावी. सळई हातात धरवत नसेल, तर पाणी व माणसे हाताशी असल्याखेरीज गंजी उकलू नये, कारण आत वारा शिरताच दबलेली आग भडकते.

उतारांच्या पायथ्याशी चंद्रगवतात दीपघेवडा माजला आहे. तो पौष्टिक आहे, परंतु उपाशी जनावराने दवाने ओला घेवडा भरपूर खाल्ल्यास पोटफुगी होते. कळपाला आधी सुकी वैरण द्यावी आणि दव ओसरल्यावरच तिकडे न्यावे.

उघड्या पडलेल्या जागांसाठी बी याच हंगामात धरावे. उजेड उतरलेल्या ठोंबांचे तुरे दुपारी, पूर्ण कोरडे असताना, हलक्या हाताने ओरबाडून सावलीत पसरावेत आणि सुतळीच्या पोत्यांत भरून हवेशीर जागी ठेवावेत. घट्ट झाकणाच्या भांड्यांत बी कोंदटते. पेरणी थोरल्या चंद्राच्या पहिल्या पावसानंतर करावी. बी मातीत खोल गाडू नये, वरवर विस्कटून मेंढ्यांचा कळप एकदाच त्यावरून फिरवावा, म्हणजे खुरांनी ते मातीला घट्ट चिकटते, आणि उगवण होऊन ठोंब धरेपर्यंत त्या जागेवर चराई पूर्ण बंद ठेवावी.