दिवसा कातळ, रात्री चांदण्या: वेरूळ-म्हैसमाळच्या सहलीत या चुका टाळा

ही सहल बहुतेक वेळा तारीख ठरवतानाच बिघडते. गाडी ठरते, गाइड मिळतो, डबे कोणी करायचे ते ठरतं, टेलिस्कोपवाला हो म्हणतो आणि दिवस निघतो तो शुद्ध त्रयोदशीचा, कारण त्या दिवशी सगळ्यांना सुट्टी. वेरूळ छान होतं, जवळच्या म्हैसमाळच्या डोंगरावरचा सूर्यास्तही झकास होतो. अंधार पडायची वेळ येते तेव्हा पूर्वेला चंद्र चांगला कासराभर वर आलेला असतो आणि आभाळात ठळक तेवढेच तारे उरलेले असतात. मग गाडीतून आवाज येतो, "एवढंच? हे तर आमच्या गच्चीवरून पण दिसतं." आयोजक आभाळाला दोष देतो. आभाळ बिचारं पंचांगाप्रमाणे चाललेलं असतं.

तेव्हा आधी भिंतीवरचं कालनिर्णय काढा. चंद्र रोज सरासरी पन्नास मिनिटं उशिरा उगवतो. पौर्णिमेला तो सूर्य मावळताना वर येतो, वद्य पंचमी-षष्ठीला रात्री दहाच्या आसपास, आणि त्यानंतर आणखी उशिरा. म्हणजे वद्य षष्ठीपासून अमावास्येपर्यंत संध्याकाळ अंधारी मिळते. अमावास्येनंतरचे दोन-तीन दिवसही चालतात, कारण बारीक कोर लवकर मावळते. घरातली वडीलधारी माणसं म्हणणार, "अमावास्येला पोरांना घेऊन रानात कुठं चाललात?" वाद घालू नका, वद्य दशमी-एकादशी घ्या. त्या दिवशी चंद्र उत्तररात्री उगवतो, संध्याकाळचा अंधार अमावास्येइतकाच असतो. लातूर-धाराशिवकडच्या वाचकांना तर हे सांगायलाच नको. येळवसेला निम्मा जिल्हा शेतावर असतो, पण अंबील पिऊन, भज्जी खाऊन दिवेलागणीला सगळे घरी परततात. थंडीतली ती सर्वांत काळोखी संध्याकाळ असते. तासभर थांबलात तर वेगळ्या सहलीची गरजही नाही.

याला एक अपवाद आहे. बरोबर शाळकरी मुलं असतील आणि टेलिस्कोप हाच मुख्य कार्यक्रम असेल, तर शुद्ध पंचमी ते अष्टमी घ्या. अर्धवट चंद्रावर प्रकाश तिरपा पडतो, त्यामुळे विवरांच्या सावल्या स्पष्ट दिसतात. मुलांना एखाद्या फिकट तेजोमेघापेक्षा (नेब्युला) ते पाहून जास्त आनंद होतो. कोजागरीला मात्र फक्त मसाला दूध प्यावं.

तिथीनंतर वार बघा. वेरूळची लेणी मंगळवारी बंद असतात, अजिंठा सोमवारी. सोमवारी घृष्णेश्वराला गर्दी, शनिवारी खुलताबादला भद्रा मारुतीची. महाशिवरात्र तर माघ वद्य चतुर्दशीची, म्हणजे ताऱ्यांसाठी उत्तम रात्र. पण त्या दिवशी वेरूळच्या रस्त्यावर गाडी घालायची हिंमत करू नका. जमत असेल तर बुधवार ते शुक्रवार बघा.

महिन्यांचं एवढंच. म्हैसमाळ पावसाळ्यात हिरवंगार असतं म्हणून लोक तेव्हाच जातात, आणि तेव्हाच तिथे ढगांशिवाय काही दिसत नाही. मे महिन्यात आभाळ धुळकट आणि कातळ तापलेला. ऑक्टोबरच्या उत्तरार्धापासून फेब्रुवारी संपेपर्यंतचा काळ खरा.

एका दिवसात पाच ठिकाणं

सकाळी देवगिरी चढायचा, मग खुलताबाद, मग वेरूळ, "पितळखोऱ्याची लेणी जवळच आहेत ना?" म्हणून तीही, आणि शेवटी म्हैसमाळ. कागदावर हे बसतं. प्रत्यक्षात वेरूळहून पितळखोरा चाळीसेक किलोमीटर, तिथे घळीत पायऱ्या उतरून जायचं आणि तेवढंच चढून परत यायचं. सगळे म्हैसमाळला पोहोचतात तेव्हा सूर्य गेलेला असतो, आणि पायांत इतके गोळे आलेले असतात की चादर अंथरली की लोक झोपतात. कातळ एकच निवडा. पहिल्यांदाच येणाऱ्यांनी वेरूळ घ्यावं, दुसऱ्यांदा येणाऱ्यांनी पितळखोरा.

वेरूळलाही भल्या सकाळी धावायचं कारण नाही. लेणी पश्चिमेच्या उतारावर कोरलेली आहेत, त्यामुळे सकाळी दर्शनी भाग सावलीत असतो आणि दुपारनंतर ऊन आत शिरतं. अकराच्या सुमारास पोहोचा, जेवा, आणि खरा वेळ एक ते चारच्या दरम्यान द्या. डिसेंबरच्या सुरुवातीला इथे सूर्य पावणेसहाच्या सुमारास मावळतो, फेब्रुवारीच्या मध्यात साडेसहाच्या जरा आधी. वेरूळ ते म्हैसमाळ अर्धा-पाऊण तास धरा. म्हणजे डिसेंबरात सव्वाचारला गाडीत बसलंच पाहिजे. गाइडला ही वेळ सकाळीच सांगा, नाहीतर कैलास लेण्यासमोर पावणेपाच वाजतात आणि तो अजून रावणानं पर्वत कसा हलवला तेच सांगत असतो.

गाइडला फक्त राजे विचारणं

माझ्या मते या सहलीतली सर्वांत मोठी गमावलेली गोष्ट हीच. गाइड चांगला असतो, राष्ट्रकूट सांगतो, पहिला कृष्ण सांगतो, चौतीस लेण्यांपैकी बौद्ध किती, हिंदू किती, जैन किती ते सांगतो. पण दगडाबद्दल कोणी विचारत नाही म्हणून तोही बोलत नाही. अहो, दगड बघायलाच तर आलात!

हा सगळा काळा पाषाण म्हणजे बेसाल्ट, सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी जमिनीच्या भेगांतून वाहिलेला लाव्हा. एक प्रवाह आला, थंड झाला, काही काळानं त्यावर दुसरा आला. म्हणून म्हैसमाळकडे जाताना डोंगर दुरडीत रचलेल्या भाकरींसारखे थरांचे आणि वरून सपाट दिसतात. दोन थरांच्या मध्ये कुठे कुठे विटकरी रंगाचा पट्टा असतो. मधल्या निवांत काळात वरचा दगड कुजून माती झाली आणि पुढच्या लाव्ह्याखाली ती गाडली गेली, त्याची ही खूण. प्रत्येक प्रवाहाच्या वरच्या भागात वायूचे बुडबुडे अडकले. पुढे त्या पोकळ्यांत पांढरी-हिरवट खनिजं भरली, आपण ज्यांना सरसकट गारगोट्या म्हणतो. असा सच्छिद्र दगड लवकर झिजतो. प्रवाहाच्या पोटातला घट्ट, एकसंध दगड मात्र छिन्नीला साथ देतो. कैलास लेणं वरून खाली कोरत नेता आलं ते अशा घट्ट दगडामुळे. पितळखोऱ्याला उलट कथा: तिथला दगड ठिसूळ, लेण्यांचे दर्शनी भाग कोसळलेले. दोन्ही ठिकाणं पाहिली असतील तर हा फरक हात न लावताही कळतो.

हात लावायचा नाहीच. स्मारकातली गारगोटी उकरून खिशात टाकणं किंवा दगडावर नाव कोरणं हा गुन्हा आहे. रस्त्याकडेला पडलेला दगड बघा, भिंगातून बघा, आणि परत ठेवा.

कड्यांना आग्या मोहळं असतात. अत्तर, धूर, आरडाओरडा आणि पोरांचे दगड, चारही टाळा. माश्या उठल्याच तर हात झटकत उभं राहू नका. डोकं-तोंड ओढणीनं झाका आणि सरळ लांब पळा.

सूर्यास्तानंतर कुठे थांबणार, हे न ठरवणं

लेणी आणि किल्ले सूर्यास्ताला बंद होतात. अभयारण्याच्या हद्दीतही अंधारात थांबता येत नाही, त्यामुळे गौताळ्यात तारे बघण्याचा बेत आधीच खोडा. म्हैसमाळच्या माथ्यावर टॉवरचे दिवे असतात आणि सुट्टीच्या दिवशी गाड्यांची ये-जा. सगळ्यांत बरं म्हणजे उताराच्या पलीकडचं ओळखीच्या माणसाचं शेत किंवा पडीक माळ, आणि परवानगी दिवसाउजेडी घेतलेली. रात्री आठ वाजता अनोळखी पंधरा माणसं बांधावर आडवी पडलेली दिसली तर कोणीही चौकशी करणारच.

"रातच्याला काय बघायलात इथं?"

"चांदण्या, मामा."

"चांदण्या? त्या तर रोजच असतात की. बघा बघा, फक्त हरभऱ्यात गाडी घालू नका."

जागा निवडताना दिशाही बघा. म्हैसमाळहून संभाजीनगर आग्नेयेला येतं आणि त्या बाजूचं आभाळ रात्रभर पिवळट राहतं. हिवाळ्यात अगस्त्य हा ठळक तारा नेमका तिकडूनच उगवतो, त्यामुळे तो लवकर शोधायचा हट्ट धरू नका. वर सरकला की दिसेल. शहराकडे पाठ करून, मध्ये एखादी टेकाडाची आड घेऊन बसलात की निम्मं काम झालं.

सूर्य बुडाला की टाळ्या वाजवून निघणारे बरेच. पूर्ण अंधार पडायला त्यानंतर सव्वा तास लागतो. हा वेळ कंटाळवाणा वाटू नये म्हणून जेवण याच मधल्या वेळात उरका. पिठलं-भाकरी, ठेचा, चहा, सगळं उजेडात. मग चूल विझवा, दिवे बंद, आणि त्यानंतर कोणालाही "जरा बॅटरी दाखव, चमचा सापडंना" म्हणायची वेळ येऊ नये.

डोळे अंधाराला सरावायला वीस ते तीस मिनिटं लागतात. एकानं मोबाइल उघडला की त्याची मेहनत वाया जाते. गाडीचं दार उघडून आतला दिवा लागला की सगळ्यांची. दार उघडताना लागणारा दिवा आधीच बंद करून ठेवा. बॅटरीवर लाल जिलेटीन कागदाचे दोन-तीन पदर रबरानं बांधा. लाल मंद उजेडानं डोळ्यांचा सराव फारसा मोडत नाही. वाट बघण्यापुरता तो पुरतो, आणि खाली बघत चालणं गरजेचंच आहे: दिवसभर तापलेल्या दगडांच्या फटीत फुरसं, म्हणजे छोटा विषारी साप, असू शकतं. चप्पल नको, बूट घाला. चावलंच तर कापणं, चोखणं, करकचून बांधणं यात वेळ घालवू नका. १०८ ला फोन करा आणि सरकारी दवाखाना गाठा.

पोस्टरवरची आकाशगंगा

जाहिरातीत दिसतो तो आकाशगंगेचा झगझगीत, धुरकट पट्टा म्हणजे तिचा मध्यभाग, वृश्चिक-धनूकडचा. हिवाळ्याच्या संध्याकाळी तो आभाळात नसतोच. ऑक्टोबरच्या अखेरीस अंधार पडता पडता नैऋत्येला तो काही वेळ मिळतो. एप्रिलमध्ये तो मध्यरात्रीच्या आसपास आग्नेयेला वर येतो, म्हणजे पुन्हा शहराच्या उजेडात. उरलेला चांगला काळ पावसाळ्यात जातो. शिवाय ते फोटो कॅमेऱ्यानं बराच वेळ प्रकाश साठवून काढलेले असतात; डोळ्यांना ती नेहमी फिकट पांढरीच दिसते. हे गाडीत बसण्याआधी सांगितलं तर कोणाचा विरस होत नाही.

त्याऐवजी जे दिसतं ते थोडं नाही. डिसेंबरात आठ वाजता पूर्वेला मृग, त्याच्या वर रोहिणी आणि कृत्तिकांचा पुंजका, ईशान्येला ब्रह्महृदय, आणि नंतर व्याध. कृत्तिका किती मोजता येतात याची पैज लावा, आभाळाची पारख तिथेच होते. हात ताणून मूठ धरली की ती सुमारे दहा अंशांची होते. उत्तरेच्या क्षितिजावर दोन मुठी रचा, तिथे ध्रुव. आपण साधारण वीस अक्षांशावर आहोत, म्हणून तो तेवढ्याच उंचीवर. देवयानी दीर्घिका, म्हणजे आपल्या आकाशगंगेसारखीच दुसरी, डोक्यावर फिकट ठिपक्यासारखी नुसत्या डोळ्यांनी दिसते. तिचा उजेड २५ लाख वर्षांपूर्वी निघालेला, आणि तुम्ही पाठ टेकलेला दगड त्याहून कितीतरी जुना.

टेलिस्कोप एक आणि माणसं चाळीस असली, तर प्रत्येकाला एक मिनिट दिलं तरी एक फेरी चाळीस मिनिटांची. बुकिंग करतानाच विचारा, टेलिस्कोप किती आणि माणसं किती. रांगेतल्यांसाठी १०×५० ची (दहापट मोठं दाखवणारी, ५० मिमी भिंगांची) एखादी दुर्बीण जवळ ठेवा; गुरू आकाशात असेल तर त्याचे चंद्र त्यातूनही दिसतात, हात मात्र कशावर तरी टेकवून.

अॅपमध्ये मृग भलतीकडेच दिसत असेल तर फोनचं होकायंत्र चुकलंय. बेसाल्टमध्ये मॅग्नेटाइट हे चुंबकी खनिज असतं, शिवाय जवळ गाडीचं लोखंड. फोन दगडावरून उचला, गाडीपासून लांब जा आणि हवेत इंग्रजी आठचा आकडा काढल्यासारखा फिरवा. फोटो हलत असेल तर फोन हातात धरू नका, दगडाला टेकवा आणि तीन सेकंदांचा टायमर लावा. ढग आले तर अर्धा तास थांबा. हिवाळ्यातले पातळ ढग सरकतात. तरी आभाळ भरलेलंच राहिलं तर गाइडनं राखून ठेवलेली राजांची गोष्ट आता चालेल.

थंडीचं सामान दिवसा हास्यास्पद वाटतं. तरी कानटोपी आणि जमिनीवर टाकायला जाड सतरंजी घ्याच. खालचा गारवा वरच्यापेक्षा आधी लागतो. पाणी घरूनच न्या, माथ्यावर मिळेल या भरवशावर राहू नका.

परतीसाठी ड्रायव्हरचा विचार करा. तुम्ही तारे बघता तेव्हा तो नुसता बसून असतो, म्हणून त्याला आधी जेवू घाला आणि तासभर गाडीत झोपू द्या. हिवाळा हा उसाचा हंगाम. मागे दिवा नसलेल्या, रिफ्लेक्टर नसलेल्या ट्रॉल्या अंधारात अगदी जवळ येईपर्यंत दिसत नाहीत. साडेनऊला निघा आणि पुढच्या सीटवर एक जागता माणूस बसवा.