मॅटर्निटी लीव्हच्या तारखा कशा ठरवायच्या आणि पगार नेमका किती मिळायला हवा

मी पेरोलमध्ये काम करते, त्यामुळे वर्षभरात कोणी ना कोणी डेस्कपाशी येऊन हळूच विचारतं की अगं रजा कधीपासून टाकू. माझं उत्तर ठरलेलं आहे, आधी परत कधी जॉइन व्हायचंय ते सांग, मग तिथून मागे मोजत येऊ. कारण २६ आठवडे म्हणजे एकच डबा आहे, बाळंतपणाआधी त्यातलं जेवढं खाल तेवढं नंतरचं कमी होणार.

आधी कायद्याचं पटकन सांगते. इतकी वर्षं मॅटर्निटी बेनिफिट ॲक्ट १९६१ होता, २०१७ मध्ये त्यात दुरुस्ती होऊन १२ चे २६ आठवडे झाले. २१ नोव्हेंबर २०२५ पासून तो ॲक्ट सोशल सिक्युरिटी कोडमध्ये गेला, पण रजेचे मुख्य नियम तेच राहिले. कायदा केंद्राचा आहे म्हणून पुणे असो, पणजी असो की बंगळुरू, हिशोब एकच. कारखाना असेल किंवा दहा किंवा जास्त माणसं कामाला असलेलं दुकान-ऑफिस असेल तर लागू. पहिल्या दोन मुलांसाठी २६ आठवडे, त्यातले जास्तीत जास्त ८ ड्यू डेटच्या, म्हणजे बाळंतपणाच्या अपेक्षित तारखेच्या आधी. आधीच दोन मुलं हयात असतील तर १२ आठवडे, त्यातले आधी जास्तीत जास्त ६. इथे जुळ्यांची गंमत लक्षात घ्या, पहिल्याच वेळी जुळी झाली असतील तर पुढच्या बाळंतपणाला १२ आठवडेच मिळतात, पण पहिलं एक आणि मग जुळी असं असेल तर दुसऱ्या वेळी २६ मिळतात, कारण मोजणी आधीच्या मुलांची होते.

आता तारखा. डॉक्टर ड्यू डेट काढतात ती शेवटच्या पाळीच्या पहिल्या दिवसापासून २८० दिवस, घरच्या घरी मोजायची तर नऊ महिने सात दिवस पुढे जा. समजा शेवटची पाळी ८ जानेवारी २०२६, तर ड्यू डेट १५ ऑक्टोबर २०२६. पण सोनोग्राफीनंतर डॉक्टर ही तारीख बदलू शकतात आणि ऑफिसला चालते ती सर्टिफिकेटवरची तारीख, म्हणून ते सर्टिफिकेट हातात आल्याशिवाय अर्ज फायनल करू नका.

याच उदाहरणात ८ आठवडे आधी म्हणजे २० ऑगस्टपासून रजा घेता येते, त्याच्या आधी नाही. २० ऑगस्टला सुरू केली तर २६ आठवडे म्हणजे १८२ दिवस १७ फेब्रुवारी २०२७ ला संपतात आणि १८ ला तुम्ही ऑफिसात, बाळ जेमतेम चार महिन्यांचं. तीच रजा १ ऑक्टोबरला सुरू केली तर शेवटचा दिवस ३१ मार्च, १ एप्रिलला जॉइन, तेव्हा बाळ साडेपाच महिन्यांचं, म्हणजे उष्टावणाच्या तोंडावर. हा दीड महिन्याचा फरक कागदावर काही वाटत नाही पण बाळ फक्त अंगावर पीत असेल तर तुमचा अख्खा दिनक्रम त्यावर अवलंबून असतो.

आणि हो, १८२ दिवस म्हणजे रविवार, शनिवार, दिवाळी सगळं धरून. वर्किंग डेज नाहीत. सुप्रीम कोर्टाने १९७७ मध्येच सांगितलंय की आठवडा म्हणजे रविवारसकट सात दिवस, त्याचा फायदा असा की रोजंदारीवरच्या बाईलाही रविवारचे पैसे धरूनच द्यावे लागतात. कोणी म्हणालं की रविवार वगळून देऊ तर तिथेच थांबवायचं.

बाळ तारीख बघून येत नाही हे आहेच. १ ऑक्टोबरपासून रजा मंजूर आहे आणि बाळ २४ सप्टेंबरलाच आलं तर रजा त्या दिवसापासून सुरू, १८२ दिवस २४ मार्चला संपणार. उलट २० ऑगस्टपासून घरी बसलात आणि बाळ आठवडाभर उशिरा आलं तर शेवटची तारीख हलत नाही, बाळासोबतचा एक आठवडा गेला इतकंच. माझं मत असं की तब्येत चांगली असेल आणि वर्क फ्रॉम होम मिळत असेल तर ड्यू डेटच्या दोनतीन आठवडे आधीपर्यंत काम रेटावं, पण बीपी असेल, जुळी असतील, डॉक्टरांनी आराम सांगितला असेल किंवा रोज कर्जत ते सीएसएमटी लोकलने उभं राहून जायचं असेल तर माझं मत सोडा आणि घरी बसा. बाळंतपण माहेरी करायचं असेल तर प्रवासाची तारीखही यातच धरा, सातव्या महिन्यात डोहाळजेवण उरकून नेण्याची पद्धत असते पण रजा तेव्हा सुरू होत नाही, मधले आठवडे पीएल (साठलेली पगारी रजा) टाकून किंवा माहेरून लॅपटॉपवर काम करून काढावे लागतात. विमानाने जाणार असाल तर शेवटच्या आठवड्यांत विमान कंपन्या डॉक्टरांचं फिट टू फ्लाय मागतात.

बाळंतपणानंतरचे ६ आठवडे मात्र कोणीही तुम्हाला कामाला लावू शकत नाही, तुमची इच्छा असली तरी नाही.

पगार मिळण्यासाठी अट एकच, ड्यू डेटच्या आधीच्या १२ महिन्यांत त्या कंपनीत किमान ८० दिवस काम झालेलं असावं. पगारी सुट्ट्याही त्यात धरतात. खूपजणींना वाटतं की वर्ष पूर्ण व्हायला हवं, कन्फर्मेशन व्हायला हवं, असं काही नाही. प्रोबेशनवर असाल तरी चालतं आणि दिवस राहिलेले असताना जॉइन झालात तरी चालतं. कॉन्ट्रॅक्टवरच्या मुलींसाठी सुप्रीम कोर्टाचा २०२३ चा निकाल आहे, कॉन्ट्रॅक्ट रजेच्या मध्येच संपत असलं तरी बेनिफिट पूर्ण द्यायचा.

किती मिळतं तर रोजच्या सरासरी पगाराइतकं, म्हणजे पूर्ण, अर्धा वगैरे नाही. सरासरी काढायची ती रजा सुरू व्हायच्या लगेच आधीच्या तीन कॅलेंडर महिन्यांची. १ ऑक्टोबरला रजा असेल तर जुलै, ऑगस्ट, सप्टेंबर. यात दोन गोष्टी बघा.

एक म्हणजे इन्क्रिमेंट. एप्रिलमध्ये पगार वाढतो आणि रजा मेमध्ये सुरू होणार असेल तर फेब्रुवारी-मार्च जुन्या पगाराचे धरले जातात, रजा जुलैत गेली तर तिन्ही महिने नव्या पगाराचे. आता त्यासाठी कोणी बाळंतपण पुढे ढकलू शकत नाही, पण मंथली पगार चालू ठेवणाऱ्या बहुतेक कंपन्या चालू पगारच देतात, तुमची कंपनी कोणत्या प्रकारची ते विचारून घ्या.

दुसरी गोष्ट बिनपगारी रजा. उलट्या, चक्कर, ॲडमिट यात पीएल संपते आणि स्लिपवर एलडब्ल्यूपी लागायला लागते. कायद्यात सरासरी काढताना भागायचं ते काम केलेल्या दिवसांनी, पण पेरोलचं सॉफ्टवेअर बिनधास्त जुलै ते सप्टेंबरच्या सगळ्या ९२ दिवसांनी भागतं. हिशोब सोपा करून सांगते, रोज १,००० रुपये, तीन महिन्यांत १२ दिवस बिनपगारी, म्हणजे ८०,००० मिळाले. ८० ने भागलं तर १,००० येतात, ९२ ने भागलं तर साधारण ८७०. गुणिले १८२ करा, साडेतेवीस हजारांच्या वर फरक पडतो. आकडा कमी आला तर पहिल्यांदा हा भागाकार तपासायचा.

आणखी एक नवीन प्रकार झालाय, कोडमध्ये वेजेसची व्याख्या बदललीय, त्यात बेसिक आणि डीए मुख्य, घरभाडं भत्ता वगैरे बाहेर, पण बाहेरचे भत्ते एकूण पगाराच्या निम्म्याहून जास्त असतील तर जास्तीचा भाग परत आत येतो. त्यामुळे ‘रजेत मला ग्रॉस मिळणार की कोडच्या व्याख्येप्रमाणे वेजेस’ हा प्रश्न एचआरला लेखी विचारा. तोंडी सगळे हो ताई हो ताई म्हणतात.

पैसे कधी? बाळंतपणाआधीच्या रजेचे पैसे प्रेग्नन्सीचा पुरावा दिल्यावर ॲडव्हान्स, उरलेले बाळ झाल्याचा पुरावा दिल्यापासून ४८ तासांत. प्रत्यक्षात कंपन्या महिन्याच्या महिन्याला पगार टाकत राहतात, बहुतेकींना तेच सोयीचं पडतं. शिवाय बाळंतपणाआधीची आणि नंतरची तपासणी-देखभाल कंपनीने मोफत केली नसेल तर ३,५०० रुपये मेडिकल बोनस असतो, लहान रक्कम आहे म्हणून कोणी मागत नाही, मागा. रजेतल्या पगारावर टॅक्स लागतो आणि पीएफही कापला जातो. ग्रॅच्युइटीच्या सेवेत २६ आठवडे धरले जातात, खंड पडत नाही.

ज्यांचा पगार महिना २१,००० पर्यंत आहे आणि स्लिपवर ईएसआय (कामगार विमा) कापला जातो त्यांचा रस्ता वेगळा. पैसे कंपनी देत नाही, ईएसआय थेट बँक खात्यात देतं, तेही २६ आठवडे पूर्ण सरासरी पगाराने. इथे अट ८० दिवसांची नसून आधीच्या दोन कॉन्ट्रिब्युशन पिरियडमध्ये (वर्गणीच्या सहामाहींत) मिळून ७० दिवसांचा ईएसआय कापला गेलेला असण्याची आहे. पिरियड असे, एप्रिल ते सप्टेंबर आणि ऑक्टोबर ते मार्च. बाळंतपण जुलै ते डिसेंबर २०२६ मध्ये असेल तर बघतात ते एप्रिल २०२५ ते मार्च २०२६. म्हणजे मे २०२६ मध्ये पहिल्यांदा नोकरी लागलेली मुलगी ऑक्टोबरमध्ये ईएसआयला पात्र होत नाही. तेव्हा तिला इकडूनही नाही तिकडूनही नाही असं सांगून वाटेला लावतात, पण ईएसआयला पात्र होईपर्यंत जबाबदारी कंपनीचीच राहते, ८० दिवस भरलेले असले की झालं. ही ओळ पाठ करून ठेवा.

राज्य सरकारी आणि झेडपीच्या नोकरीत हा कायदा बघायचा नाही, तिथे १८० दिवसांची प्रसूती रजा असते. आणि घरकाम, शेतमजुरी, घरून शिवणकाम करणाऱ्यांना कोणी रजा देणारंच नाही, त्यांच्यासाठी प्रधानमंत्री मातृवंदना योजना आहे, पहिल्या बाळाला ५,००० रुपये दोन हप्त्यांत आणि दुसरं बाळ मुलगी असेल तर ६,०००. फॉर्मसाठी अंगणवाडी ताई किंवा आशाताईंना गाठा. तुमच्या घरी कामाला येणाऱ्या मावशींच्या सुनेला दिवस गेले असतील तर हे त्यांना नक्की सांगा.

अर्ज मेलवरच करा, आणि पर्सनल मेल सीसीमध्ये ठेवा कारण रजेत ऑफिसचा लॅपटॉप परत घेतला तर पुरावा तिथेच अडकतो. मजकूर साधा असू दे:

‘माझी ड्यू डेट १५ ऑक्टोबर २०२६ आहे, डॉक्टरांचं सर्टिफिकेट जोडलं आहे. मी १ ऑक्टोबर २०२६ ते ३१ मार्च २०२७ अशी २६ आठवड्यांची मॅटर्निटी लीव्ह घेत आहे. या काळात मी दुसरीकडे कुठेही काम करणार नाही. माझ्या अनुपस्थितीत रक्कम माझ्या पतींना द्यावी. रजेतला पगार कसा काढला जाईल ते कृपया या मेलच्या उत्तरात कळवावे.’

पतींच्या जागी आईचं नाव घातलंत तरी चालतं. आधी नोटीस द्यायची राहिली, सातव्या महिन्यातच ॲडमिट व्हावं लागलं, तरी हक्क जात नाही, नंतर द्या.

नको असलेल्या गोष्टींचीही सोय कायद्यात आहे आणि ती कोणी बोलून दाखवत नाही. गर्भपात झाला तर पुराव्यावर ६ आठवडे पगारी रजा. गरोदरपणामुळे किंवा बाळंतपणामुळे आजारी पडलात, बाळ वेळेआधी झालं, तर आणखी एक महिन्यापर्यंत. नसबंदीच्या ऑपरेशनला २ आठवडे. हे सगळं पीएलमधून कापायचं नाही.

परत जॉइन झाल्यावर बाळ १५ महिन्यांचं होईपर्यंत दिवसातून दोन वेळा दूध पाजायला किंवा काढायला ब्रेक मिळतो, जेवणाच्या सुट्टीशिवाय वेगळा. ५० किंवा जास्त कर्मचारी असतील तर पाळणाघराची सोय हवी आणि तिथे दिवसातून चारदा जाता येतं. वर्क फ्रॉम होम मात्र हक्क नाही, काम तसं असेल आणि दोघांचं जमलं तर मिळतं, म्हणून त्याची बोलणी रजेवर जायच्या आधीच करा, नंतर मॅनेजरच बदललेला असतो. बाळाचं नाव ग्रुप मेडिक्लेममध्ये घालायची मुदतही आत्ताच विचारून नवऱ्याच्या मोबाईलमध्ये रिमाइंडर लावून टाका, तुम्हाला तेव्हा शुद्ध नसणार.

रजेत असताना काढून टाकणं किंवा पगार-पद कमी करणं बेकायदेशीर आहे. ‘स्वतःहून राजीनामा दे, अनुभवाचं पत्र छान देतो’ असं गोड बोलून सांगतात, सही करू नका. त्या फोननंतर लगेच ‘आज आपलं असं बोलणं झालं’ म्हणून एक मेल टाका आणि मग कामगार आयुक्तांच्या कार्यालयात लेखी तक्रार द्या, मुंबईत ते बीकेसीच्या कामगार भवनात आहे. सोबत अपॉइंटमेंट लेटर, शेवटच्या सहा महिन्यांच्या स्लिप, सर्टिफिकेट आणि मेलच्या प्रिंट न्या, आणि दिलेल्या अर्जाच्या कॉपीवर शिक्का मारून घेतल्याशिवाय तिथून उठू नका.